आत्यांची टीव्हीवरची वर्षं शोधताना आधी कॅसेट नको, पेटीतले कागद बघा

तुमचा प्रश्न मी असा समजलो. आत्या मूळच्या कोल्हापूरच्या, आता वय ऐंशीच्या घरात. आधी हौशी नाटकात कामं, मग सांगली आकाशवाणीवर निवेदन, लग्नानंतर मुंबई दूरदर्शनवर काही वर्षं निवेदिका आणि नव्वदच्या दशकात कोल्हापुरात परतल्यावर इथल्या केबलवर बातम्या. घरात दोन कॅसेट आहेत, एक नेहमीची व्हीएचएस आणि एक तिच्यापेक्षा बरीच मोठी, जाड. शिवाय कागद आणि फोटोंनी भरलेली पत्र्याची पेटी. घरचे सगळे सांगतात की त्या दूरदर्शनच्या पहिल्या मराठी वृत्तनिवेदिका होत्या. तुम्हाला त्यांच्यावर नीट लिहायचंय आणि त्यासाठी दूरदर्शनचं जुनं चित्रण कुठं मिळेल, असं तुम्ही विचारलंय.

मी कोल्हापुरात केबलच्या बातम्यांसाठी कॅमेरा आणि एडिटिंग केलं. आता बरीच वर्षं लोकांच्या जुन्या टेप डिजिटल करून देतो आणि त्या निमित्तानं त्या पिढीतल्या निवेदकांशी, तंत्रज्ञांशी बोलत आलोय. त्यावरून सांगतो, मुंबईचं चित्रण मिळण्याची शक्यता फार कमी आहे. ते नाही मिळालं तरी आत्यांनी काय काम केलं हे भरवशानं मांडता येतं. कुठल्या साली, कोणत्या नात्यानं, कोणत्या कार्यक्रमात आणि साधारण किती काळ, हे चार धागे हाती लागले की लेख उभा राहतो. हे धागे बहुतेक वेळा कागदात आणि माणसाच्या आठवणीत सापडतात, चित्रणात क्वचितच.

चित्रण का नसतं, ते आधी बघू. मुंबई केंद्र 2 ऑक्टोबर 1972 ला सुरू झालं. त्या काळात बातम्या थेट जायच्या. वृत्तनिवेदकाच्या हातात कागद, समोर कॅमेरा. वाचून झालं की ते हवेत गेलं आणि संपलं. बाहेरच्या बातम्यांची दृश्यं 16 मिलिमीटरच्या फिल्मवर घेतलेली असायची आणि बऱ्याचदा त्यांना आवाजही नसायचा, निवेदन वरून वाचलं जायचं. व्हिडिओ टेप परदेशातून यायची, महाग होती, म्हणून तीच पुसून पुन्हा वापरायची पद्धत होती. गाजलेलं नाटक, मोठ्या गायकाची मैफल, एखाद्या साहित्यिकाची मुलाखत असं काही जपून ठेवलं गेलं. दोन कार्यक्रमांच्या मध्ये येऊन ‘आता पाहू या’ म्हणणाऱ्या निवेदिकेचं काम मात्र कुणी जपलं नाही. मधेच प्रक्षेपण बंद पडून पडद्यावर ‘व्यत्यय’ अशी पाटी यायची. ती गेल्यावर हसतमुखानं पुढचा कार्यक्रम सांगणारी बाई घराघरात ओळखीची होती, पण तिचं काम रेकॉर्ड होण्यासारखं आहे असं तेव्हा कुणाला वाटलं नाही. मला याचं आजही वाईट वाटतं. मराठी टीव्हीची बोली या लोकांनी घडवली. कॅमेऱ्यासमोर प्रमाण मराठी न अडखळता, न ओरडता, समोर बसलेल्या माणसाशी बोलल्यासारखी कशी बोलायची, याचा धडा आधी कुणी घालून दिलेला नव्हता.

आता एक गोष्ट सांगतो, ती घरच्यांना जरा खटकेल. तुम्ही लिहिलंय की वडिलांना आठवतं, 1978 च्या सुमाराला शिवाजी पेठेतल्या घरी सगळे जण संध्याकाळी आत्यांना टीव्हीवर बघायचे. हे जुळत नाही. मुंबईच्या मनोऱ्यावरचं प्रक्षेपण इतक्या लांब पोहोचत नव्हतं आणि पुण्यासाठी सिंहगडावर बसवलेला प्रक्षेपकही कोल्हापूरपासून फार दूर. एखाद्या हौशी माणसानं उंच अँटेना लावून मुंग्यांमधून चित्र पाहिलं असेल, पण घरच्यांनी रोज बसून पाहावं असं ते नव्हतं. इन्सॅट 1बी उपग्रह ऑगस्ट 1983 मध्ये गेला आणि 1984 मध्ये देशभर गावोगावी छोटे प्रक्षेपक झपाट्यानं बसले. तेव्हा कुठं आपल्यासारख्या शहरांत टीव्ही खऱ्या अर्थानं घरोघरी आला. त्यातही सुरुवातीला या छोट्या केंद्रांवरून दिसायचं ते दिल्लीचं राष्ट्रीय प्रसारण. मुंबईचे मराठी कार्यक्रम उपग्रहावरून राज्यभर मिळणं त्यानंतरचं, आणि मराठीसाठी स्वतंत्र उपग्रह वाहिनी 1994 मध्ये आली. तिलाच पुढं 2000 साली सह्याद्री हे नाव मिळालं.

वडील खोटं सांगतात असं मी अजिबात म्हणत नाही. ते मुंबईला आत्यांच्या घरी गेले असताना पाहिलं असेल, पुण्यात नातेवाइकांकडं पाहिलं असेल, किंवा 1985 नंतरची आठवण मागं सरकली असेल. पण यातून तुमच्या लेखाचा एक मोठा मुद्दा निघतो. ज्या वर्षांत मुंबई-पुण्यातले लोक आत्यांना रस्त्यात ओळखत होते, त्या वर्षांत त्यांच्या स्वतःच्या गावानं त्यांना पडद्यावर पाहिलेलंच नव्हतं. कोल्हापूरला त्यांचा आवाज माहीत होता तो सांगली केंद्रामुळं. त्या काळच्या प्रादेशिक कलाकाराची ही अवस्था मला फार महत्त्वाची वाटते. लेखात तिला जागा द्या.

आता पेटीकडं वळू. हे काम सावकाश करा. सगळे कागद एकदम बाहेर ओतू नका. ज्या क्रमानं गठ्ठे लागलेत त्या क्रमानं आधी मोबाइलवर फोटो काढा, कारण शेजारी ठेवलेला कागद पुष्कळदा तारीख सांगतो. तुम्हाला हवी आहेत ती करारपत्रं. आकाशवाणी आणि दूरदर्शन दोन्हीकडं बाहेरच्या कलाकाराला प्रत्येक कामासाठी लेखी करार यायचा. त्यावर कार्यक्रमाचं नाव, ध्वनिमुद्रणाची किंवा प्रक्षेपणाची तारीख आणि वेळ, मानधनाचा आकडा असायचा. सही करून एक प्रत परत पाठवायची, एक आपल्याकडं राहायची. सोबत रेव्हेन्यू स्टॅम्प लावलेल्या पावत्या किंवा चेकबरोबर आलेली चिठ्ठी सापडेल. असा एक कागद दहा आठवणींना पुरून उरतो.

हे कागद वाचताना एक ध्यानात ठेवा. दूरदर्शन 1 एप्रिल 1976 ला आकाशवाणीपासून वेगळं झालं. त्याआधी टेलिव्हिजन हा आकाशवाणीचाच भाग होता. त्यामुळं 1974 किंवा 75 च्या पत्रावर आकाशवाणीचं नाव दिसलं की लगेच ‘हे रेडिओचं’ म्हणून बाजूला टाकू नका. पत्ता बघा, केंद्राचं नाव बघा, कार्यक्रम बघा. मुंबई दूरदर्शनचं केंद्र वरळीला, तेव्हा वरळीचा पत्ता असेल तर तो कागद बहुधा टीव्हीचाच. माझ्याकडं एका कुटुंबानं दोन फायली लावून आणल्या होत्या, एक रेडिओची आणि एक टीव्हीची. टीव्हीची सगळ्यात जुनी तीन पत्रं रेडिओच्या फाईलमध्ये निघाली आणि त्या बाईंची टीव्हीवरची सुरुवात घरच्यांच्या समजुतीपेक्षा आधीची ठरली.

सांगली केंद्र 1963 मध्ये सुरू झालं. कोल्हापूरचे नाटकवाले, गायक, लेखक एसटीनं तिकडं ध्वनिमुद्रणाला जायचे. आत्यांची आवाजाची चाचणी तिथं झाली असणार, तेव्हा चाचणीत पास झाल्याचं पत्र शोधा. राज्य नाट्य स्पर्धेची प्रमाणपत्रं असली तर तीही ठेवा. नाटक, मग रेडिओ, मग टीव्ही हा त्या पिढीचा नेहमीचा रस्ता होता आणि कोल्हापुरात तर नाटक-सिनेमाचं वातावरण आधीपासून. 1929 साली प्रभात कंपनी इथंच उभी राहिली, आणि केशवराव भोसले नाट्यगृहाच्या रंगमंचावर कितीतरी आवाज तयार झाले. ऑगस्ट 2024 च्या आगीत ते नाट्यगृह जळालं. तिथल्या प्रयोगांचे जुने फोटो घरात असतील तर ते आता जास्तच मोलाचे आहेत.

‘पहिल्या मराठी वृत्तनिवेदिका’ या दाव्याबद्दल स्पष्ट बोलतो. मुंबई दूरदर्शनचे पहिले मराठी वृत्तनिवेदक म्हणून डॉ. विश्वास मेहेंदळे यांचं नाव घेतलं जातं. सुरुवातीच्या वर्षांत भक्ती बर्वे, स्मिता पाटील अशा नंतर रंगभूमी-सिनेमात मोठ्या झालेल्या अभिनेत्रीही बातम्या वाचत. प्रदीप भिडे यांचा आवाज तर दोन-तीन पिढ्यांच्या कानात आहे. या मंडळींमध्ये आत्या नेमक्या कुठं बसतात, हे हातात तारखेचा कागद आल्याशिवाय लिहू नका. माझ्या अनुभवात घराघरांतली ‘पहिली’ बहुतेक वेळा वेगळ्याच कशातली तरी पहिली असते: कोल्हापुरातून तिथं गेलेल्यांतली पहिली, एखाद्या कार्यक्रमाची पहिली सूत्रसंचालिका, किंवा घराण्यातली नोकरी करणारी पहिली बाई. त्यातली खरी गोष्ट सापडली तर ती मोठ्या दाव्यापेक्षा जास्त टिकते. आणि मुळात त्या वृत्तनिवेदिका होत्या की निवेदिका, हेही तपासा. तुम्ही एका ठिकाणी एक लिहिलंय, दुसरीकडं दुसरं. बातम्या वाचणारे वेगळे, कार्यक्रमांच्या मध्ये येणारे निवेदक वेगळे, महिलांच्या किंवा शेतीच्या कार्यक्रमात मुलाखती घेणारे वेगळे. एकच व्यक्ती तिन्ही करत असे, हेही व्हायचं. कायम नोकरीत होत्या की करारावर, यावरही पुष्कळ अवलंबून आहे. नोकरीत असतील तर सेवापुस्तक, पेन्शनचे कागद असतील आणि तुमचं काम सोपं होईल. करारावर असतील तर सगळी भिस्त त्या पेटीवर.

वर्तमानपत्रांची मदत होते, पण किती होते ते कार्यक्रमावर अवलंबून. ‘महाराष्ट्र टाइम्स’, ‘लोकसत्ता’ सारखे मुंबईचे पेपर रोजचे टीव्हीचे कार्यक्रम छापत. त्यात कार्यक्रमाचं आणि पाहुण्यांचं नाव यायचं, निवेदिकेचं क्वचित. म्हणून सगळी वर्षं चाळू नका. करारपत्रावरची तारीख घ्या, त्या दिवसाचा पेपर काढा, कार्यक्रम खरंच झाला का ते जुळवा. दादरचं मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालय, इथं करवीर नगर वाचन मंदिर आणि शिवाजी विद्यापीठाचं ग्रंथालय, या तिन्ही ठिकाणी जुन्या फायलींची चौकशी करा. कोल्हापूरच्या पेपरांत मात्र वेगळं काहीतरी मिळू शकतं. गावची मुलगी टीव्हीवर दिसते म्हटल्यावर ‘पुढारी’ किंवा ‘सकाळ’ मध्ये सत्काराची बातमी येण्याची शक्यता बरीच.

आता सगळ्यात महत्त्वाचं. आत्या आहेत, बोलतात, हे तुमचं सर्वांत मोठं साधन आहे. चित्रणाच्या मागं सहा महिने घालवण्याआधी त्यांचं बोलणं नोंदवून घ्या. मोबाइल चालेल, पण पंखा बंद करा, रस्त्याकडची खिडकी लावा आणि साध्या, स्वस्तातल्या का होईना, कॉलरला लावायच्या माइकवर घ्या. एका बैठकीत तासाभरापेक्षा जास्त ताणू नका. ‘तुमच्या कारकिर्दीबद्दल सांगा’ असं विचारलंत तर सत्काराच्या भाषणासारखं उत्तर येईल. त्याऐवजी हातांना आणि डोळ्यांना आठवेल असं विचारा. वरळीला लोकलनं जायचा की बसनं? आत शिरल्यावर पहिल्यांदा कुणाला भेटायचं? मेकअपला कोण असायचं? कागद किती वेळ आधी हातात पडायचा? चूक झाली तर काय करायचा? मानधन पोस्टानं यायचं का?

आणि साड्यांबद्दल नक्की विचारा. एक ज्येष्ठ निवेदिका मला एकही साल धड सांगू शकत नव्हत्या. त्यांच्यासमोर फोटो ठेवले तर म्हणाल्या, ही मोतिया साडी मला नेसू देत नव्हते, पांढऱ्याच्या जवळचं काही कॅमेऱ्याला चालायचं नाही, चेहरा काळा पडायचा; बारीक चौकडीही नको, पडद्यावर ती थरथरते. मग एका फोटोवर बोट ठेवून म्हणाल्या, ही लाल-हिरवी मात्र मुद्दाम घेतली, कारण आता रंग दिसणार होते. रंगीत प्रसारण 1982 मध्ये आलं. त्या एका साडीनं सगळे फोटो आधीचे आणि नंतरचे असे दोन ढिगांत लागले. तुम्हीही अशाच खुंट्या वापरा. आणीबाणी लागली तेव्हा तुम्ही तिथं होता का? एशियाडच्या वेळी? इंदिरा गांधी गेल्या त्या दिवशी ड्यूटी कुणाची होती? सालं विसरतात, पण त्या दिवशी आपण कुठं होतो हे लोक विसरत नाहीत.

केबलच्या वर्षांबद्दल तुम्ही एकच ओळ लिहिलीत, पण चित्रण मिळायची खरी आशा तिथंच आहे. नव्वदच्या दशकात आमच्याकडं बातम्या दुपारी वाचून व्हीएचएसवर रेकॉर्ड व्हायच्या. एडिट झालेल्या कॅसेटच्या प्रती काढून पोरं सायकलवरून, स्कूटरवरून राजारामपुरी, शाहूपुरी, मंगळवार पेठ, कसबा बावडा अशा वेगवेगळ्या कंट्रोल रूमवर नेऊन द्यायची. ठरलेल्या वेळी ऑपरेटर ती व्हीसीआरमध्ये घालायचा आणि मॉड्युलेटरमधून (चित्र केबलच्या एका चॅनेलवर सोडणारं यंत्र) ती त्या भागातल्या घरांत दिसायची. पावसात एखादी कॅसेट उशिरा पोहोचली की त्या पेठेतले फोन सुरू व्हायचे. दुसऱ्या दिवशी त्याच कॅसेटवर नव्या बातम्या. लेबलावर तारीख खोडून तारीख, खोडून तारीख. त्यामुळं रोजच्या बातम्या इथंही पुसल्या गेल्याच.

मोठे कार्यक्रम मात्र वेगळ्या कॅसेटवर राहिले: दसरा चौकातला शाही दसरा, अंबाबाईचा नवरात्र, जोतिबाची चैत्र यात्रा, खासबागेतल्या कुस्त्या, शाहू स्टेडियमवरचे फुटबॉलचे सामने. अशा ठिकाणी निवेदनाला ओळखीचा चेहरा बोलवायचे. आत्यांना विचारा, यातलं काय काय केलं. मग त्या त्या तालमीच्या, मंडळाच्या जुन्या कार्यकर्त्यांना गाठा आणि त्या काळी लग्नाचं शूटिंग करणाऱ्या व्हिडिओवाल्यांना भेटा. त्यांच्या माळ्यावर अजून खोकी आहेत. काहींची 2005, 2019 आणि 2021 च्या पुरात गेली. ज्यांची दुकानं नदीच्या पाण्याच्या पट्ट्यात नव्हती त्यांच्याकडं आधी जा.

तुमच्या दोन कॅसेट. व्हीएचएस आधी उजेडात धरा आणि खिडकीतून टेपच्या कडेला बघा. कडेवर पांढरी भुकटी किंवा जाळी दिसली तर ती बुरशी आहे; आपल्या पावसाळ्यात ती हमखास धरते. अशी कॅसेट घरच्या व्हीसीआरमध्ये लावलीत तर टेप चिकटून तुटू शकते आणि बुरशी मशीनच्या हेडवर जाऊन पुढच्या कॅसेटलाही लागते. ती आधी साफ करून घ्यावी लागते. स्वच्छ असेल तर पाठीच्या कडेचा प्लॅस्टिकचा छोटा चौकोनी तुकडा आहे का पाहा. असेल तर तोडून टाका, म्हणजे चुकून कुणी त्यावर रेकॉर्ड करू शकणार नाही. डिजिटल करायला देताना दुकानदाराला सांगा की मला फक्त डीव्हीडी नको. 720 बाय 576, सेकंदाला 25 फ्रेम, शक्य तितकी कमी दाबलेली (कॉम्प्रेस केलेली) मूळ फाईल द्या आणि बघायला, पाठवायला एक लहान फाईल वेगळी द्या. काम झालं तरी मूळ कॅसेट टाकू नका, उभी ठेवा.

मोठी, जाड कॅसेट बहुधा यू-मॅटिक आहे. ती टेप पाऊण इंच रुंद असते, व्हीएचएसची अर्धा इंच. घरी कुणी यू-मॅटिक ठेवत नसे, ती स्टुडिओत वापरायची. म्हणजे ती आत्यांना कुणीतरी तिथून प्रत म्हणून दिलेली असू शकते आणि त्यात खरंच मुंबईचं काही असू शकतं. नसेलही, जाहिरातीचं किंवा एखाद्या संस्थेचं काम असेल. त्याची मशीन आता फार थोड्यांकडं चालू स्थितीत आहेत, मुंबई किंवा पुण्यात चौकशी करावी लागेल. जुन्या टेपचा लेप चिकट झाला असेल तर चालवण्याआधी तिच्यावर काळजीपूर्वक प्रक्रिया करावी लागते. जो माणूस हे न तपासता ‘लावून बघू’ म्हणेल त्याच्याकडून परत घ्या.

दूरदर्शनकडं विचारायचंच असेल तर माहितीच्या अधिकारात विचारा. शुल्क दहा रुपये, उत्तराची मुदत तीस दिवस. अर्ज आत्यांच्या सहीनं करा, कारण माहिती त्यांच्या स्वतःच्या कामाची आहे. भाच्यानं मागितली तर ती दुसऱ्याची खासगी माहिती म्हणून अडू शकते. ‘माझी सर्व माहिती द्या’ असं लिहू नका. करारपत्राचा क्रमांक, तारीख, कार्यक्रमाचं नाव देऊन त्या एका कार्यक्रमाची नोंद किंवा चित्रण आहे का, एवढंच विचारा. जुने करार मुदत संपल्यावर नष्ट केलेले असतात, त्यामुळं नकार आला तरी त्याचा अर्थ त्यांनी काम केलं नाही असा होत नाही. दूरदर्शनचं काही सापडलं तर ते सगळंच्या सगळं इंटरनेटवर टाकण्याआधी हक्कांचं विचारून घ्या. लेखात एक स्थिरचित्र वापरणं आणि पूर्ण कार्यक्रम चढवणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

थोडक्यात क्रम असा ठेवा: या आठवड्यात आत्यांची पहिली बैठक, मग पेटीचे फोटो आणि करारपत्रांची तारीखवार यादी, ती यादी घेऊन दुसरी बैठक, आणि त्यानंतरच ग्रंथालयं, तालमी, व्हिडिओवाले, अर्ज. मोठ्या कॅसेटच्या लेबलाचा आणि खालच्या बाजूचा असे दोन स्पष्ट फोटो इथं टाका. फॉरमॅट कोणता आणि टेपची अवस्था कशी वाटते ते मी बघून सांगतो. तोवर ती कुठल्याच मशीनमध्ये घालू देऊ नका.